गावाच्या संघाला गरुडाचे नाव आणि चिन्ह देताना

धानाची चुरणी आटोपली आणि कापसाची पहिली वेचणी घरात आली की विदर्भाच्या गावोगावी खुल्या कबड्डी स्पर्धांचे फलक झळकू लागतात, आणि त्याच सुमारास नव्याने उभ्या राहिलेल्या मंडळांना नाव, झेंडा व जर्सी यांची घाई होते. अशा वेळी तरुण मुलांच्या तोंडी गरुडाचे नाव हमखास येते. नाव उत्तमच आहे. परंतु ते ठरल्यावर पुढचे काम बहुधा तालुक्याच्या डीटीपीच्या दुकानात काही मिनिटांत उरकले जाते, इंटरनेटवरून एक रागीट, पांढऱ्या डोक्याचा पक्षी उतरवून घेतला जातो आणि पुढची कित्येक वर्षे गावाची पोरे आपल्या छातीवर अमेरिकेचा राष्ट्रीय पक्षी मिरवीत फिरतात. चिन्ह एकदा लोकांच्या डोळ्यांत बसले की बदलणे अवघड जाते, म्हणून ते आधीच विचारपूर्वक कसे ठरवावे, हे येथे क्रमाने सांगितले आहे.

सर्वप्रथम गरुड कोणता, हे ठरवा

चित्रकाराकडे जाण्यापूर्वी मंडळाच्या बैठकीत या एका प्रश्नाचा निकाल लागला पाहिजे, कारण गरुड म्हटले की तीन निरनिराळ्या गोष्टी डोळ्यांपुढे येतात आणि त्यांची सरमिसळ झाली की चित्र धड एकाचेही राहत नाही.

पहिला गरुड पुराणातला. कश्यप व विनता यांचा हा पुत्र आईला तिची सवत आणि नागांची माता कद्रू हिच्या दास्यातून सोडवण्यासाठी स्वर्गातून अमृत घेऊन आला आणि पुढे विष्णूचे वाहन झाला, ही कथा महाभारताच्या आदिपर्वात विस्ताराने येते. विष्णूच्या किंवा बालाजीच्या देवळात गाभाऱ्यासमोर हात जोडून बसलेली, माणसाचे शरीर, पाठीला पंख आणि चोचीसारखे नाक असलेली जी मूर्ती दिसते, ती याचीच. राजचिन्ह म्हणूनही याचे स्थान फार जुने आहे. विदिशेजवळ हेलिओडोरस नावाच्या ग्रीक राजदूताने इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकात वासुदेवाप्रीत्यर्थ गरुडध्वज उभारला, तो स्तंभ आजही तेथे आहे. गुप्त सम्राटांच्या नाण्यांवर गरुडध्वज दिसतो. त्याच घराण्यातील दुसऱ्या चंद्रगुप्ताची कन्या प्रभावतीगुप्ता विदर्भाच्या वाकाटक राजघराण्यात सून म्हणून आली आणि पती दुसऱ्या रुद्रसेनाच्या निधनानंतर रामटेकजवळच्या नंदिवर्धन, म्हणजे आजच्या नगरधन येथून तिने राज्यकारभार पाहिला. राष्ट्रकूटांच्या ताम्रपटांच्या मुद्रांवरही गरुडच आढळतो. त्यामुळे गरुडाचे चिन्ह विदर्भाला परके आहे, असे कोणी म्हणू नये. समुद्रापलीकडे तर त्याला याहून मोठा मान मिळाला आहे. थायलंडने 1911 मध्ये आणि इंडोनेशियाने 1950 मध्ये गरुडाला राष्ट्रचिन्हाचे स्थान दिले. इंडोनेशियाच्या चिन्हातील प्रत्येक पंखाची 17 पिसे, शेपटीची 8, शेपटीच्या बुडाशी असलेली 19 आणि मानेची 45 पिसे मिळून त्या देशाच्या स्वातंत्र्यघोषणेची 17 ऑगस्ट 1945 ही तारीख तयार होते. चिन्हात अर्थ कसा गुंफावा, याचा इतका नेटका नमुना दुसरा सापडणे कठीण आहे, आणि आपल्या मंडळालाही स्थापनेचे वर्ष किंवा खेळाडूंची संख्या याच रीतीने पिसांत बसवता येईल. आपल्याकडे भूदलाच्या ब्रिगेड ऑफ द गार्ड्सचे चिन्ह गरुड आहे आणि तिचे प्रशिक्षण केंद्र नागपूरजवळ कामठीला आहे; वायुसेनेच्या 2004 मध्ये उभारलेल्या कमांडो दलाचे नावही गरुड हेच आहे.

दुसरा गरुड पश्चिमेकडचा. रोमन सेनेच्या प्रत्येक लिजनपुढे, म्हणजे मोठ्या सैन्यपथकापुढे, काठीवर बसवलेला धातूचा गरुड चाले आणि तो शत्रूच्या हाती पडणे ही सर्वांत मोठी नामुष्की समजली जाई. तेथून तो युरोपच्या राजघराण्यांत पसरला. जर्मनी व पोलंड यांच्या चिन्हांवर एका डोक्याचा, तर रशिया व अल्बानिया यांच्या चिन्हांवर दोन डोक्यांचा गरुड आजही आहे. अमेरिकेने 1782 मध्ये आपल्या राजमुद्रेवर पांढऱ्या डोक्याचा गरुड घेतला, एका पायात ऑलिव्हची फांदी आणि दुसऱ्यात 13 बाण दिले. त्याला कायद्याने राष्ट्रीय पक्षी ठरवण्याचे काम मात्र 2024 च्या डिसेंबरात झाले. माणूस चंद्रावर प्रथम उतरला तो 20 जुलै 1969 रोजी ज्या यानातून, त्याचे नावही ईगलच होते. नायजेरियाच्या फुटबॉल संघाला सुपर ईगल्स म्हणतात, इंग्लंडच्या क्रिस्टल पॅलेसला ईगल्स म्हणतात, आणि पोर्तुगालच्या बेनफिका क्लबच्या मैदानावर सामन्यापूर्वी खरा गरुड उडवण्याची प्रथा आहे. आपल्या मुलांच्या मोबाइलवर जो गरुड येतो तो बहुतेक वेळा या घराण्यातला.

तिसरा गरुड आपल्या रानातला, आणि मंडळांनी निवडावा तो हाच, असे माझे स्पष्ट मत आहे. पांढऱ्या डोक्याचा अमेरिकन गरुड भारतात कोठेच आढळत नाही. याउलट नवेगाव-नागझिरा, ताडोबा, पेंच, मेळघाट या जंगलांत आणि त्यांच्या आसपासच्या झाडोऱ्यात तुरेवाला सर्पगरुड सहज दिसतो. साप हे त्याचे मुख्य भक्ष्य असल्याने पुराणातील नागवैरी गरुडाची आठवणही त्याच्यासोबत आपोआप येते, आणि ती आणण्यासाठी कोणत्याही देवतेचे चित्र काढावे लागत नाही.

हा शेवटचा मुद्दा महत्त्वाचा आहे. जर्सी घामाने भिजते, चढाईत मातीत लोळते, धुण्याच्या दगडावर आपटली जाते. देवाचे रूप अशा कपड्यावर छापणे श्रद्धावानांना खटकते आणि ते खटकणे रास्त आहे. शिवाय संघ गावाचा असेल तर त्यात हिंदू, बौद्ध, गोंड, मुस्लीम अशा सर्व घरांतील मुले असतात व चिन्ह प्रत्येकाला आपले वाटले पाहिजे. रानातला पक्षी सर्वांचा असतो. गडचिरोली, चंद्रपूर, यवतमाळ भागांतील गावांनी आणखी एक काळजी घ्यावी: गोंड कुळांमध्ये प्राणी, पक्षी, झाडे ही कुळचिन्हे म्हणून पूज्य मानली जातात, म्हणून गावातील जाणत्या वडीलधाऱ्यांना आधी विचारून घ्यावे. मंडळ देवस्थानाच्या उत्सवाचे असेल आणि झेंडा मंदिरावरच लागणार असेल, तर पुराणातील गरुड घेण्यास अर्थातच काहीच हरकत नाही.

नाव

नाव निवडताना ते कागदावर कसे दिसते यापेक्षा मैदानावर कसे ऐकू येते, याकडे अधिक लक्ष द्यावे. रात्रीच्या सामन्यात उद्घोषक तेच नाव कर्ण्यावरून वारंवार पुकारणार असतो. 'गरुड' हे तीन अक्षरी नाव मोकळे आणि खणखणीत आहे. एकाच स्पर्धेत दोन-तीन गरुड संघ येण्याची शक्यता असते, म्हणून गावाचे नाव त्याला कायमचे जोडून टाकावे. निराळेपण हवे असेल तर वैनतेय, सुपर्ण, खगराज ही गरुडाचीच नावे आहेत. त्यांपैकी 'सुपर्ण' उच्चाराला सोपे आहे, तर 'वैनतेय' शाळेच्या किंवा वाचनालयाच्या नावाला अधिक शोभते. 'ईगल' नाव घेण्यात गैर काही नाही, मात्र मग चिन्हही अमेरिकन घेतले पाहिजे असे मुळीच नाही. 'ईगल' लिहून खाली आपला सर्पगरुड काढला तरी तो बरोबरच ठरतो. जटायूचे नाव घेणाऱ्यांनी मात्र ध्यानात ठेवावे की जटायू हा गरुडाचा भाऊ अरुण याचा पुत्र आणि रामायणात तो गिधाड आहे. त्या नावाखाली गरुडाचे चित्र काढल्यास जाणकार लोक ती चूक लगेच दाखवून देतील.

चित्र काढताना

चित्रकाराला घेऊन एकदा जंगलाच्या वाटेवर जावे, असे मी आग्रहाने सुचवीन. ऊन तापू लागले की सर्पगरुड उंच घिरट्या घालू लागतो आणि त्याची लांबवर ऐकू येणारी शीळ आधी कानावर पडते. इतर वेळी तो ओढ्याच्या किंवा तलावाच्या काठच्या झाडावर निश्चल बसलेला असतो. पंख पसरलेल्या सर्पगरुडाला खालून पाहिले तर पंखांच्या मागच्या कडेने जाणारा रुंद पांढरा पट्टा आणि शेपटीवरचा तसाच पांढरा पट्टा ठळक दिसतो. चिन्हासाठी निसर्गाने दिलेली यापेक्षा चांगली खूण नाही, कारण ती एका रंगातही उमटते आणि दुरूनही ओळखू येते. बसलेल्या पक्ष्यात डोक्यामागचा काळा-पांढरा तुरा, पिवळे डोळे, चोचीच्या बुडाशी असलेली पिवळी कातडी आणि तपकिरी अंगावरचे पांढरे ठिपके टिपून घ्यावेत. त्याचे पाय पिवळे व उघडे असतात. मोरघार या आपल्याच जंगलातील दुसऱ्या देखण्या शिकारी पक्ष्याचे पाय मात्र बोटांपर्यंत पिसांनी झाकलेले असतात, म्हणून दोन्हींची भेसळ टाळावी.

गावातल्या भिंतींवर जे गरुड रंगवलेले दिसतात त्यांत काही दोष वारंवार आढळतात. सर्वांत मोठा दोष चोचीचा. गरुडाची चोच बुडापासून थोडी सरळ पुढे जाते आणि टोकाशी एकदम खाली वळते. ती बुडापासूनच गोल वळवली की तो पोपट होतो. दुसरा दोष डोळ्याचा. गरुडाची नजर करारी दिसते ती डोळ्यावर पुढे आलेल्या हाडाच्या कडेमुळे; ती कड एका तिरप्या रेषेने दाखवली की पुरते, त्यासाठी डोळ्यात लाल रंग ओतण्याची किंवा चोच वासून आरडाओरडा करणारा पक्षी काढण्याची आवश्यकता नसते. तिसरा दोष शेपटीचा. आपल्या गावांवर आणि मामा (माजी मालगुजारी) तलावांवर घिरट्या घालणाऱ्या घारीची शेपटी मध्ये खाचलेली असते, गरुडाची मात्र पंख्यासारखी गोलसर उघडते. पंखांच्या टोकाची पिसे बोटांसारखी सुटी दाखवावीत. पायाला पुढे तीन व मागे एक अशी चार बोटे असतात आणि मागच्या बोटाची नखी चांगली दणकट असते. मान लांब व उघडी निघाली, तर ते गिधाड झाले असे समजावे.

आणखी एका बाबतीत सावध राहणे अत्यंत आवश्यक आहे. स्वस्तिक आपल्याकडे मंगल मानले जाते आणि प्रवेशद्वारापासून वहीच्या पहिल्या पानापर्यंत आपण ते काढतो, त्यामुळे पंख पसरलेल्या गरुडाच्या पायांत वर्तुळ देऊन त्यात स्वस्तिक बसवण्याची कल्पना एखाद्या उत्साही चित्रकाराला सहज सुचू शकते. परंतु पंख पसरलेला, पायांत स्वस्तिकाचे कडे धरलेला गरुड हे हिटलरच्या जर्मनीचे राजचिन्ह होते, आणि समाजमाध्यमांवर ते छायाचित्र एकदा गेले की पाहणारा आपला हेतू विचारत बसत नाही. ही जोडणी कोणत्याही परिस्थितीत करू नये. दोन डोक्यांचा गंडभेरुंडही टाळावा, कारण तो कर्नाटक राज्याच्या चिन्हात आहे. सैन्यदलाच्या किंवा कमांडो दलाच्या गरुडाची हुबेहूब नक्कल करणे तर अनुचितच. त्या चिन्हामागे जवानांचे रक्त आहे आणि ते धारण करण्याचा अधिकार त्यांनीच मिळवलेला आहे.

कच्चे चित्र तयार झाले की ते प्रथम केवळ काळ्या शाईने काढून पाहावे, मग रुपयाच्या नाण्याएवढे लहान करून पाहावे. त्या आकारात पक्षी ओळखू आला नाही, तर रेषा जास्त झाल्या आहेत आणि पिसांची संख्या कमी केली पाहिजे. ओळखू आला, तरच रंगांकडे वळावे.

रंग, कापड आणि भिंत

विदर्भाच्या उन्हात रंगाची खरी परीक्षा होते. फलकावरचा भडक लाल व गुलाबी रंग उन्हाळ्यात लवकर फिका पडतो. काळा, गेरूचा तांबूस आणि मातकट पिवळा हे रंग त्या मानाने पुष्कळ टिकतात. सर्पगरुडाला तपकिरी, काळा, पांढरा आणि पिवळा एवढेच रंग लागतात, त्यामुळे ही अडचण मुळातच कमी होते. रात्रीच्या दिव्यांखाली, धूळ उडालेल्या मैदानावर पिवळ्यावर काळे किंवा काळ्यावर पिवळे सर्वांत स्पष्ट दिसते.

जर्सीवर सब्लिमेशन, म्हणजे उष्णतेने रंग कापडात उतरवणारी, छपाई करायची असेल तर कापड पांढरे किंवा फिके आणि पॉलिस्टरचे हवे. सुती कापडावर ती टिकत नाही. सुती बनियनवर स्क्रीन प्रिंटिंग करून घ्यावे, आणि त्यात प्रत्येक रंगासाठी वेगळी जाळी लागत असल्याने दोन रंगांवर भागवल्यास खर्च आटोक्यात राहतो. भरतकामात बारीक रेषा दोऱ्यांत बुजून जातात, म्हणून त्यासाठी आणखी सोपी आकृती वेगळी काढून ठेवावी.

भिंतीसाठी मात्र फ्लेक्सपेक्षा पेंटरच बरा, असे मला मनापासून वाटते. झाडीपट्टीच्या नाटकांचे पडदे रंगवणारे हात आपल्या भागात आहेत. त्यांना काम मिळावे आणि गावाला टिकाऊ चित्र मिळावे. मूळ चित्रावर एकेक इंचाच्या चौकटी आखाव्यात, गेरूत बुडवलेली सुतळी ताणून भिंतीवर एकेक फुटाच्या तेवढ्याच चौकटी पाडाव्यात आणि एकेक चौकट उतरवीत जावे. सावकाश केले तर शाळेतील मुलेही हे काम पेंटरच्या देखरेखीखाली उत्तम करतात. तान्ह्या पोळ्याचे लाकडी नंदी घडवणारा सुतार जवळ असेल, तर त्याच्याकडून चषकासाठी किंवा मंडळाच्या कार्यालयासाठी लाकडी गरुडही करून घेता येतो.

पत्रक आणि ध्वनिफीत

उद्घाटनाच्या पत्रकात गरुडाविषयी काही मजकूर देण्याची पद्धत आहे, आणि तेथे एक गोष्ट हटकून छापली जाते: गरुड चाळिसाव्या वर्षी डोंगरावर जातो, स्वतःची चोच दगडावर आपटून तोडतो, नखे व पिसे उपटून काढतो आणि नव्याने उगवलेल्या चोचीनिशी आणखी तीस वर्षे जगतो. व्याख्यानांतून आणि व्हॉट्सॲपवरून ही कथा घराघरांत पोहोचली असली, तरी ती सपशेल खोटी आहे. चोच तुटलेला गरुड खाऊ शकत नाही आणि उपाशी मरतो. त्याची चोच व नखे आपल्या नखांप्रमाणे आयुष्यभर वाढत व झिजत राहतात, आणि पिसे थोडी थोडी करून गळतात व नवी येतात. मुलांना प्रेरणा द्यायची असेल तर आईला दास्यातून सोडवणाऱ्या वैनतेयाची कथा द्यावी. ती पुराणकथा म्हणूनच सांगितली जाते आणि विज्ञानाच्या नावाखाली कोणाची फसवणूक करीत नाही.

संघ मैदानात उतरताना वाजवल्या जाणाऱ्या ध्वनिफितीतही अशीच गफलत होते. चित्रपटांत आणि रील्समध्ये गरुडाची म्हणून ऐकू येणारी ती लांबलचक कर्कश किंकाळी बहुतेक वेळा अमेरिकेतील लाल शेपटीच्या बाजाची असते. पांढऱ्या डोक्याच्या गरुडाचा खरा आवाज बराच नाजूक आहे. आपल्या सर्पगरुडाची शीळ मोबाइलवर मुद्रित करून घेतली तर ती अस्सल ठरेल. मात्र मुद्रित आवाज जंगलात पुन्हा वाजवून पक्ष्याला जवळ बोलावू नये, विशेषतः विणीच्या काळात, कारण त्याने तो आपले घरटे सोडून विनाकारण भटकतो.

मिरवणुकीसाठी खरी पिसे किंवा नखे मिळवण्याचा मोह कोणी धरू नये. वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, 1972 नुसार गरुड संरक्षित आहे. त्याला पकडणे, पाळणे किंवा त्याचे अवयव बाळगणे हा गुन्हा आहे. पुठ्ठा व कापड यांची पिसे करावीत, ती दुरून अधिक शोभतात.

कागदपत्रे

मंडळ नोंदवायचे असेल तर संस्था नोंदणी अधिनियम, 1860 खाली किमान 7 सदस्य लागतात आणि अर्ज धर्मादाय आयुक्तांच्या जिल्हा कार्यालयात करावा लागतो. 'गरुड' नाव अनेकांनी घेतलेले असण्याचा संभव असल्याने अर्जासाठी दोन-तीन पर्यायी नावे तयार ठेवावीत. मंडळ पुढे जर्सी किंवा इतर वस्तू विकणार असेल तर ट्रेड मार्क अधिनियम, 1999 खाली नाव व आकृती नोंदवता येते. कपड्यांसाठी वर्ग 25 आणि क्रीडाविषयक सेवांसाठी वर्ग 41 आहे, आणि नोंदणी 10 वर्षांची असून तिचे नूतनीकरण होते. केवळ गावच्या स्पर्धा खेळणाऱ्या संघाला एवढे करण्याचे कारण नाही.

चित्रकाराशी मात्र लेखी व्यवहार अवश्य करावा, मग तो गावचाच पोरगा का असेना. चित्राचे हक्क मंडळाकडे दिल्याचा साधा कागद त्याच्या सहीने घ्यावा, त्यावर मोबदला आणि मुदत स्पष्ट लिहावी; कॉपीराइट अधिनियम, 1957 नुसार मुदत लिहिलेली नसेल तर ती 5 वर्षेच धरली जाते. चित्राच्या कोपऱ्यात किंवा पत्रकाच्या शेवटी त्याचे नाव द्यावे, तो त्याचा मान आहे. डीटीपीवाल्याकडून केवळ जेपीजी न घेता कोरल ड्रॉची मूळ फाईलही मागून घ्यावी, कारण जेपीजी मोठी केली की कडा फाटतात आणि पुढच्या वर्षी सगळे चित्र नव्याने काढावे लागते. हाताने काढलेले मूळ चित्र, ती फाईल, वापरलेल्या रंगांची नावे व क्रमांक आणि चित्रकाराच्या सहीचा कागद असे सर्व एकाच पाकिटात घालून सचिवाच्या दप्तरात ठेवावे, आणि कार्यकारिणी बदलली की इतिवृत्ताच्या वहीसोबत ते पाकीटही नव्या सचिवाकडे नोंद करून सोपवावे.